संगणकातील अनधिकृत प्रवेश : कायदा आणि खबरदारी
(ठाणे परिसरातील आमच्या देखभाल-करार ग्राहकांसाठी)

आपल्या दुकानातील, दवाखान्यातील किंवा सोसायटीच्या कार्यालयातील संगणकांची देखभाल आमच्याकडे असल्यामुळे आपले बरेचसे पासवर्ड आमच्या तंत्रज्ञांच्या नजरेखालून जातात, म्हणून सुरुवात आमच्यापासूनच करतो. दुरुस्तीसाठी आपण दिलेली परवानगी त्या दुरुस्तीपुरतीच असते. प्रिंटर पाहायला आलेल्या आमच्या माणसाने आपल्या टॅलीतील खाती उघडून पाहिली, तर तोही अनधिकृत प्रवेशच ठरतो, आणि त्याची तक्रार करण्याचा आपल्याला पूर्ण हक्क आहे.

माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० मधील कलम ४३ चा सगळा भर ‘परवानगी’ या एका शब्दावर आहे. मालकाच्या किंवा संगणकाचा प्रभार असलेल्या व्यक्तीच्या परवानगीशिवाय त्यात शिरणे, माहिती उतरवून घेणे, व्हायरस सोडणे किंवा हक्काच्या माणसाला प्रवेश नाकारणे, या सर्वांसाठी नुकसानभरपाई द्यावी लागते. हेच कृत्य अप्रामाणिकपणे किंवा कपटाने केले असेल, तर कलम ६६ लागू होते आणि तीन वर्षांपर्यंत कैद, पाच लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. दुसऱ्याचा पासवर्ड कपटाने वापरण्यासाठी ६६-ग (66C) हे वेगळे कलम आहे. पासवर्ड ठाऊक असणे म्हणजे परवानगी असणे नव्हे, ही गोष्ट मात्र आमच्या अनुभवात फार थोड्यांच्या लक्षात आलेली असते.

नौपाड्यातील एका ग्राहकाचे उदाहरण पाहावे. त्यांचे दर नेमके प्रतिस्पर्ध्याला कळू लागले, तेव्हा आम्ही विंडोजचा इव्हेंट व्ह्यूअर, म्हणजे संगणकाने ठेवलेल्या नोंदी दाखवणारे साधन, उघडला. ४६२४ क्रमांकाच्या, म्हणजे यशस्वी लॉगिनच्या, काही नोंदी रात्री सव्वाअकराच्या होत्या आणि त्यांत लॉगऑनचा प्रकार १०, म्हणजे रिमोट डेस्कटॉप (दुसऱ्या ठिकाणाहून नेटवर्कवरून हा संगणक चालवणे), असा होता. खाते होते चार महिन्यांपूर्वी नोकरी सोडून गेलेल्या हिशेबनिसाचे. त्याचा पासवर्ड मॉनिटरच्या कडेला चिकटवलेल्या पिवळ्या चिठ्ठीवर अजून तसाच होता, त्यामुळे आत शिरणारा तोच होता की दुसरा कोणी, हे त्या नोंदींवरून सांगता येईना.

यासाठी प्रत्येकाला स्वतंत्र खाते द्यावे आणि माणूस नोकरी सोडेल त्याच दिवशी, शक्यतो हिशेब चुकता करतानाच, ते बंद करावे. रिमोट डेस्कटॉपची गरज नसेल तर तो बंद ठेवावा. गरज असली तरी राउटरवर ३३८९ हा पोर्ट (रिमोट डेस्कटॉपसाठी ठरलेला प्रवेशमार्ग) थेट उघडा ठेवू नये, कारण तो शोधत फिरणारे प्रोग्राम इंटरनेटवर रात्रंदिवस चालू असतात. राउटरचा आणि सीसीटीव्हीच्या डीव्हीआरचा कारखान्यातून आलेला पासवर्ड बदलावा. ईमेलला ओटीपीची दुसरी पायरी लावावी. विंडोज १० ला मायक्रोसॉफ्टकडून मिळणारा सर्वसाधारण आधार (सपोर्ट) १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला असल्याने त्या संगणकांविषयी आमच्याशी वेगळे बोलावे.

शंका आल्यास सर्वप्रथम नेटवर्कची केबल काढावी, वायफाय बंद करावे आणि पडद्याचा फोटो घ्यावा. घाबरून संगणक फॉरमॅट करू नये, आणि आमच्या माणसाने तसे सुचवले तरी ऐकू नये, कारण फॉरमॅटबरोबर पुरावाही जातो. लॉगिनच्या नोंदी ठेवणारी ही नोंदवही (इव्हेंट लॉग) भरली की विंडोज जुन्या नोंदी आपोआप पुसते, त्यामुळे तिची प्रत लगेच काढावी. भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ नुसार अशा पुराव्यासोबत प्रमाणपत्र जोडावे लागते.

खात्यातून पैसे गेले असतील तर इतर काहीही करण्याआधी सायबर फसवणुकीसाठीचा १९३० हा मदत क्रमांक लावावा. एरवी राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर किंवा जवळच्या पोलीस ठाण्यात तक्रार करता येते. माहिती तंत्रज्ञान अधिनियमाखालील तपास पोलीस निरीक्षक किंवा त्याहून वरच्या दर्जाचा अधिकारी करतो. पाच कोटी रुपयांपर्यंतच्या भरपाईचा दावा राज्याच्या माहिती तंत्रज्ञान विभागाच्या सचिवांकडे, अभिनिर्णय अधिकारी (असे दावे निकाली काढणारा अधिकारी) या नात्याने, दाखल होतो.

यापुढे आमच्या प्रत्येक जॉब कार्डवर ‘कोणत्या कामासाठी प्रवेश दिला’ असा रकाना राहील. तो कोरा असताना कृपया सही करू नये.