शॅम्प्लेननं नक्की काय पाहिलं?

अमेरिकेच्या व्हरमाँट आणि न्यू यॉर्क राज्यांच्या सीमेवर शॅम्प्लेन सरोवर आहे. लांबी सुमारे १९० किलोमीटर, सर्वांत खोल जागी १२० मीटर पाणी. इथले मूळ रहिवासी अबेनाकी लोक त्याला ‘बितावबागोक’ म्हणतात, म्हणजे मधलं सरोवर. त्यांच्या कथांमध्ये गितास्कोग हा जलसर्प येतो. ‘स्कोग’ म्हणजे साप, ‘गिता’ म्हणजे भलामोठा. याच अल्गॉन्किन भाषाकुळातले ओजिब्वे लोक आपल्या महासर्पाला मिशिगिनेबिग म्हणतात. त्याच कुळातल्या मिकमाक लोकांच्या जिपिज्काम या सर्पाला तर शिंगंही आहेत.

या कथांना हल्ली एक ‘पुरावा’ जोडला जातो. १६०९च्या जुलैत फ्रेंच प्रवासी सॅम्युएल द शॅम्प्लेन इथे आला आणि त्यानं वीस फुटी सर्प पाहिला, असं सांगतात. त्याच्या प्रवासवर्णनात असा सर्प कुठेच नाही. ते वाक्य १९७०मधल्या एका मासिकातल्या लेखातून पसरलं.

त्यानं लिहिलंय ते मात्र फार गमतीचं आहे. ‘शाउसारू’ नावाचा मासा, त्यानं स्वतः पाहिलेला पाच फुटांचा, मांडीएवढा जाड. खवले इतके टणक की खंजीर आत शिरेना. लांब तोंड, दातांच्या दोन रांगा. तो लव्हाळ्यांत दडून चोच पाण्याबाहेर धरतो, पक्षी लाकूड समजून वर बसले की पाय धरून खाली ओढतो, असं स्थानिकांनी त्याला सांगितलं. वर्णन ‘गार’ (gar) नावाच्या लांबचोच्या माशाशी चपखल जुळतं. हा मासा सरोवरात आजही आहे.

डायनोसॉरच्या काळातला एखादा सागरी सरपटणारा प्राणी इथे तग धरून असेल, हा तर्क भूविज्ञानापुढे टिकत नाही. ते प्राणी साडेसहा कोटी वर्षांपूर्वी संपले, आणि जेमतेम वीस हजार वर्षांपूर्वी या खोऱ्यावर एक किलोमीटरहून जाड बर्फ होता. पोहायला पाणीच नव्हतं! बर्फ वितळला, पण त्याच्या भारानं दबलेली जमीन लगेच वर आली नाही, म्हणून अटलांटिकचं पाणी आत घुसलं. सुमारे तेरा ते दहा हजार वर्षांपूर्वी इथे खारा समुद्र होता.

त्या समुद्राची खूणही मिळाली. १८४९मध्ये व्हरमाँटमधल्या शार्लट गावाजवळ लोहमार्गासाठी खोदताना चिकणमातीत एक सांगाडा सापडला. तो पांढऱ्या बेलुगा देवमाशाचा निघाला. तोच आज व्हरमाँटचा अधिकृत सागरी जीवाश्म आहे, आणि व्हरमाँटला समुद्रकिनारा नाही.