कमी रिझोल्यूशनवर गेम चालवणे

संगणकावरचा गेम पडद्याच्या मूळ रिझोल्यूशनपेक्षा कमी पिक्सेलमध्ये चालायला लावणे. पुष्कळदा हे रिझोल्यूशन गेमच्या सेटिंगमध्ये दिसणाऱ्या सर्वांत खालच्या पर्यायाच्याही खाली नेले जाते. ज्यांच्याकडे जुना लॅपटॉप आहे, स्वतंत्र ग्राफिक्स कार्ड नसलेला संगणक आहे किंवा गेमच्या किमान अटींत न बसणारे यंत्र आहे, ते प्रामुख्याने या मार्गाला जातात. चित्र भुरकट होते, पण अडखळत चालणारा गेम खेळण्याजोगा होतो. काही स्पर्धात्मक खेळाडू उत्तम यंत्र हाताशी असूनही हेच करतात. त्यांची कारणे वेगळी आहेत, ती पुढे येतील.

यामागचे गणित क्षेत्रफळाचे आहे. १९२० × १०८० मध्ये २०,७३,६०० पिक्सेल असतात, १२८० × ७२० मध्ये ९,२१,६००, ८०० × ६०० मध्ये ४,८०,००० आणि ६४० × ४८० मध्ये फक्त ३,०७,२००. रुंदी आणि उंची दोन्ही निम्म्यावर आणली की पिक्सेल पावपट उरतात. आजच्या गेममध्ये जवळजवळ प्रत्येक पिक्सेलचा रंग ठरवण्यासाठी शेडर नावाचा छोटा प्रोग्राम चालतो. उजेड कोणत्या बाजूने येतो, सावली पडली आहे का, दगड ओला आहे की कोरडा, हे सगळे तो पिक्सेलगणिक मोजतो. ६० एफपीएस, म्हणजे सेकंदाला ६० फ्रेम (पडद्यावरची पूर्ण चित्रे), हवे असतील तर एक फ्रेम पुरी करायला १६.७ मिलिसेकंद मिळतात, ३० एफपीएससाठी ३३.३. त्या वेळात वीस लाख पिक्सेल उरकत नसतील, तर नऊ लाख उरकण्याची शक्यता बरीच असते.

मेमरीचा हिशेबही असाच चालतो. पिक्सेलला ४ बाइट धरले तर १९२० × १०८० ची एक फ्रेम सुमारे ८३ लाख बाइट घेते आणि १२८० × ७२० ची सुमारे ३७ लाख. शिवाय गेमचे इंजिन, म्हणजे तो चालवणारा मूळ प्रोग्राम, एका फ्रेमसाठी असे अनेक कागद मांडून बसते: एकावर वस्तू किती आत आहे ते अंतर, एकावर पृष्ठभागाची दिशा, एकावर रंग. रिझोल्यूशन उतरले की त्यातले बहुतेक एकदमच लहान होतात. प्रोसेसरमध्येच बसवलेले ग्राफिक्स साध्या रॅमवर चालते आणि त्या रॅमची ये-जा प्रोसेसरशी वाटून घेते. म्हणून अशा यंत्रावर या उपायाचा गुण सर्वांत ठळक दिसतो.

काय हलके होत नाही, हे कळणे तितकेच महत्त्वाचे. शत्रूंच्या हालचाली ठरवणे, वस्तूंची टक्कर मोजणे, काय काढायचे याची यादी ग्राफिक्सकडे पाठवणे ही प्रोसेसरची कामे आहेत आणि पडदा केवढाही असला तरी ती तेवढीच राहतात. त्रिमितीय आकृत्यांचे शिरोबिंदू कमी होत नाहीत. टेक्स्चर, म्हणजे भिंतीवर आणि चेहऱ्यावर चढवलेली चित्रे, यांचा आकारही तसाच राहतो. ग्राफिक्स मेमरी टेक्स्चरनेच भरली असेल तर आधी टेक्स्चरची सेटिंग खाली आणावी लागते. अडचण कुठे आहे हे ओळखण्याची चाचणी सोपी आहे. गेममध्ये एकाच जागी उभे राहून १०८० वरून ७२० वर यावे आणि एफपीएस पाहावे. आकडा चढला तर ग्राफिक्स अडले होते. जागचा हलला नाही तर प्रोसेसर अडला आहे, आणि मग ४८० पर्यंत खाली जाऊन डोळ्यांना त्रास देण्यात अर्थ नाही. प्रोसेसरची परीक्षणे करणारे याच गुणाचा उलटा उपयोग करतात: ग्राफिक्सवरचा भार काढून प्रोसेसरांतला फरक उघडा पाडण्यासाठी ते गेम मुद्दाम कमी रिझोल्यूशनवर चालवून पाहतात.

पूर्वपीठिका

कमी रिझोल्यूशन हा एके काळी गेमचा नेहमीचाच पोशाख होता. आयबीएमने १९८७ मध्ये आणलेल्या व्हीजीए या चित्र दाखवण्याच्या पद्धतीत ३२० × २०० पिक्सेल आणि २५६ रंगांचा एक मोड होता. एका पिक्सेलला एक बाइट, म्हणजे पूर्ण पडदा ६४,००० बाइटचा; त्या काळच्या प्रोसेसरला एका दमात हाताळता येणाऱ्या ६५,५३६ बाइटच्या खंडात तो नेमका मावत असे. डॉस या जुन्या कार्यप्रणालीवरचे असंख्य गेम या मोडवर उभे राहिले. १९९३ चा डूमही त्यातलाच. मंद यंत्रासाठी डूममध्ये दोन सोयी होत्या. अधिक-उण्याच्या कळांनी खेळाची चौकट आक्रसून भोवती कडा ठेवता येई, आणि ‘लो डिटेल’ निवडले की आडव्या दिशेने निम्मेच पिक्सेल मोजून प्रत्येक पिक्सेल दुप्पट रुंद काढला जाई. या लेखाचा विषय असलेली युक्ती तेव्हा गेमच्या पोटातच होती, आणि ती एका कळीच्या अंतरावर होती ही गोष्ट आजच्या निर्मात्यांनी ध्यानात घ्यावी अशी आहे.

पुढे १९९६ च्या क्वेक या गेमने वरची रिझोल्यूशने निवडण्याची मुभा दिली आणि त्याच वर्षी आलेल्या व्हूडू या ग्राफिक्स कार्डाने ६४० × ४८० वर नितळ त्रिमितीय चित्र दाखवले. तेव्हाचे सीआरटी, म्हणजे काचेच्या नळीचे, मॉनिटर या बाबतीत उदार होते. त्यांना ठरावीक पिक्सेलची जाळी नव्हती. झोत जितक्या ओळी आखेल तितक्या ओळी दिसत, त्यामुळे ६४० × ४८० चे चित्रही त्यावर मऊ पण एकसंध वाटे. शिवाय सीआरटीला एका सेकंदात किती ओळी आखता येतील याला मर्यादा असे. ओळी कमी केल्या की तेवढ्याच वेळात जास्त फ्रेम बसत. वेगवान गेम खेळणारे म्हणूनच रिझोल्यूशन उतरवून रिफ्रेश रेट, म्हणजे पडदा सेकंदाला किती वेळा नव्याने आखला जातो तो आकडा, चढवत.

सपाट पडद्यावर काय होते

एलसीडी पडद्यावर पिक्सेलची जाळी कायमची कोरलेली असते. कमी पिक्सेलचे चित्र त्या जाळीवर ताणून बसवावे लागते आणि खरी गोची इथे होते. १२८० × ७२० चे चित्र १९२० × १०८० च्या पडद्यावर दीडपट होते. गेममधल्या दोन पिक्सेलना पडद्याचे तीन पिक्सेल वाटून द्यायचे. एक पिक्सेल जाडीची काळी तार घ्या. ती कधी पडद्याच्या एका रांगेत बसेल, कधी दोन रांगांत. कॅमेरा हलला की तीच तार जाड-बारीक होत लुकलुकेल. हे टाळण्यासाठी मॉनिटर किंवा ग्राफिक्स कार्ड शेजारच्या पिक्सेलच्या रंगांची सरासरी काढते, आणि मग तार काळी न राहता राखाडी पट्टा होते. कमी रिझोल्यूशनच्या भुरकटपणातला बराचसा भाग असा ताणण्यातून आलेला असतो.

पट पूर्णांकात असेल तर हा प्रश्न उरत नाही. १२८० × ७२० चे चित्र २५६० × १४४० वर बरोबर दुप्पट आणि ३८४० × २१६० वर तिप्पट होते; प्रत्येक पिक्सेलचा चौकोन करून ठेवला की काम झाले. इंटेल, एन्व्हिडिया आणि एएमडी या तिघांनीही २०१९ मध्ये आपापल्या ड्रायव्हरमध्ये (ग्राफिक्स चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये) ‘इंटिजर स्केलिंग’ची सोय दिली, मात्र ती सर्वच जुन्या कार्डांवर मिळत नाही. पिक्सेल-चित्रशैलीच्या गेमना तिचे महत्त्व फार. सेलेस्टे हा गेम मुळात ३२० × १८० मध्ये रेखाटला जातो. १९२० × १०८० वर तो नेमका सहापट होतो, म्हणून त्याच्या कडा धारदार राहतात.

सक्ती करण्याचे मार्ग

पहिला मार्ग अर्थातच गेमची स्वतःची सेटिंग. तिथे हवा तो आकडा नसेल तर बहुतेकदा कॉन्फिगरेशन फाइल उघडावी लागते. अनरिअल इंजिनच्या अनेक गेममध्ये ‘गेम युझर सेटिंग्ज’ नावाची आयएनआय फाइल असते आणि ती नोटपॅडमध्ये उघडते. त्यात ‘रिझोल्यूशन साइझ एक्स’ आणि ‘वाय’ अशा दोन ओळी दिसतात. त्या बदलून भागत नाही, कारण खाली ‘लास्ट युझर कन्फर्म्ड’ने सुरू होणारी तशीच आणखी एक जोडी असते आणि ती जुनी राहिली तर गेम पुन्हा जुन्या आकड्यावर जाऊ शकतो. चारही ओळी बदलाव्यात. गेम सुरू होताच फाइल नव्याने लिहीत असेल तर तिच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘रीड-ओन्ली’ची खूण करावी. युनिटीवरचे गेम विंडोजमध्ये हे आकडे रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या साठ्यात, जपतात. तिथे हात घालण्यापेक्षा गेम सुरू करतानाच्या आज्ञेत रुंदी-उंची लिहून देणे बरे. सोर्स इंजिनच्या गेमनाही स्टीम या गेम-दुकानाच्या ‘लाँच ऑप्शन्स’मधून असेच सांगता येते.

आकडा बदलूनही चित्रात फरक पडला नाही, तर बहुधा गेम ‘बॉर्डरलेस’, म्हणजे कडा नसलेल्या, विंडोमध्ये चालला आहे. अशा वेळी अनेक गेम डेस्कटॉपचेच रिझोल्यूशन उचलतात. ‘फुलस्क्रीन’ निवडावे, किंवा गेम उघडण्याआधी डेस्कटॉपच खाली आणावा. हा दुसरा उपाय ओबडधोबड वाटला तरी फार कमी वेळा फसतो.

जुन्या गेमसाठी विंडोजच्या ‘कंपॅटिबिलिटी’ टॅबमध्ये ६४० × ४८० ची चौकट आहे. डीजीव्हूडूसारखी मध्यस्थ साधने जुन्या डायरेक्टएक्सच्या आज्ञा नव्या भाषेत उतरवतात आणि जाताजाता हवे ते रिझोल्यूशन लादतात. डीएक्सविंड हट्टी गेमला विंडोमध्ये बसवते. लिनक्सवर व्हॉल्व्हचे गेमस्कोप गेमपुढे एक लटका पडदाच उभा करते. स्टीम डेक या हातात धरायच्या गेमयंत्रावर तेच वापरले जाते. त्याच्या आज्ञेत छोट्या लिपीतले डब्ल्यू आणि एच गेमला दाखवायचे माप सांगतात, मोठ्या लिपीतले खऱ्या पडद्याचे. गेमला वाटते पडदा एवढाच आहे, त्यामुळे यादीत पर्याय असण्या-नसण्याचा प्रश्नच राहत नाही. सगळ्या मार्गांत हा मला सर्वांत स्वच्छ वाटतो. गेमच्या डीएलएल, म्हणजे साहाय्यक प्रोग्रामच्या, फाइली बदलणारी साधने ऑनलाइन गेममध्ये मात्र वापरू नयेत. फसवणूकविरोधी यंत्रणा त्यांना लबाडी समजू शकते आणि खाते बंद होऊ शकते.

रेंडर स्केल

संपूर्ण पडदा खाली आणला की अक्षरेही खाली येतात. ६४० × ४८० वर संवादाची ओळ वाचता येत नाही, नकाशावरची खूण ठिपका होते, आणि किमान ७२० ओळी गृहीत धरून आखलेल्या मेनूचे ‘अप्लाय’ बटण पडद्याबाहेर जाते. ते बटण दिसत नसल्याने सेटिंग परत फिरवताही येत नाही. म्हणून जिथे ‘रेंडर स्केल’ किंवा ‘रिझोल्यूशन स्केल’ असेल तिथे आधी तेच वापरावे. यात त्रिमितीय दृश्य कमी पिक्सेलमध्ये काढून ताणले जाते, पण अक्षरे, आरोग्याची पट्टी आणि नकाशा मूळ रिझोल्यूशनवरच उमटतात. १०८० च्या पडद्यावर ५० टक्के ठेवले तर दृश्य ९६० × ५४० मध्ये, म्हणजे पावपट पिक्सेलमध्ये तयार होते. अनरिअलच्या वर उल्लेखलेल्या फाइलमध्ये ‘रिझोल्यूशन क्वालिटी’ ही ओळ याच टक्केवारीची असते. काही गेम ही पट्टी ५० वर अडवतात. ती २५ पर्यंत मोकळी ठेवायला निर्मात्यांना फारसे कष्ट नाहीत, आणि दुबळ्या यंत्रावरचा एखादा खेळाडू तेवढ्यामुळे खेळात राहतो.

डीएलएसएस, २०२१ चे एफएसआर आणि २०२२ चे एक्सईएसएस ही कमी पिक्सेलचे चित्र हुशारीने मोठे करणारी तंत्रे याच कल्पनेची पुढची रूपे. डीएलएसएसच्या ‘परफॉर्मन्स’ मोडमध्ये ३८४० × २१६० चे चित्र आतून १९२० × १०८० मध्ये काढले जाते आणि आधीच्या फ्रेममधली माहिती वापरून भरले जाते. डीएलएसएसला एन्व्हिडियाची आरटीएक्स कार्डे लागतात. एफएसआरची पहिली आवृत्ती प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सवरही चालते. पण मुळात पिक्सेल थोडे असले की या तंत्रांचा हात आखडतो. ७२० च्या पडद्यासाठी ६४० × ३६० मधून चित्र भरायला गेले की गवत आणि जाळ्या विरघळतात.

स्पर्धेतला वापर

काउंटर-स्ट्राइक या नेमबाजीच्या गेमचे अनेक व्यावसायिक खेळाडू १२८० × ९६० हे ४:३ प्रमाणाचे रिझोल्यूशन १६:९ च्या पडद्यावर ताणून वापरतात. आडव्या दिशेने चित्र सुमारे एक-तृतीयांश फुगते, म्हणून समोरचा प्रतिस्पर्धी रुंद दिसतो. बदल्यात आडवे दृष्टिक्षेत्र सुमारे १०६ अंशांवरून ९० वर येते, आणि कडेने येणारा माणूस उशिरा नजरेत भरतो. प्रतिस्पर्धी रुंद झाला तसा तो पडद्यावर आडवा सरकतोही जास्त वेगाने, तेव्हा नेम सोपा होतोच असे नाही. सवय हे यातले मोठे कारण आहे. सीआरटीवर शिकलेला हात ४:३ सोडायला तयार होत नाही.

बिघडल्यास

मॉनिटरला न पेलणारा आकडा दिला तर पडदा काळा होतो किंवा ‘आउट ऑफ रेंज’ असा संदेश येतो. बदल डेस्कटॉपच्या सेटिंगमधून केला असेल तर कशालाही हात न लावता थांबावे. विंडोज १५ सेकंदांत आधीच्या रिझोल्यूशनवर परत जाते. बदल गेमच्या फाइलमधला असेल तर गेम बंद करून ती फाइल दुसरीकडे हलवावी. ती सापडली नाही की बहुतेक गेम मूळ आकड्यांची नवी फाइल तयार करतात.