मुयीचे वऱ्हाड आणि दिलेला शब्द : अल्बानियन वीरगाथांची पार्श्वभूमी

उत्तर अल्बानियाच्या डोंगराळ मुलखात लाहूता या एकतारी वाद्याच्या साथीने गायल्या जाणाऱ्या वीरगाथांचे प्रमुख नायक मुयी आणि हलील हे भाऊ आहेत. ऑटोमन सरहद्दीवरच्या चकमकींच्या आठवणी या गाथांत मिसळल्या असून, याच जोडीची गाणी बोस्नियातही आढळतात. मुयीला अचाट बळ मिळते ते झाना या पर्वतदेवतांचे दूध पिऊन. परंतु त्याची थोरवी केवळ त्या बळावर मोजलेली नाही. त्याच्या लग्नाची गाथा पाहावी. नवरी आणायला निघालेल्या तीनशे वऱ्हाड्यांना वाटेतल्या कुरणांत थांबू नका, असे त्याने बजावलेले असते. तरीही परतताना ते थांबून नाचगाण्यात रमतात, आणि चिडलेल्या झाना त्यांना शिळा करून नवरी पळवतात. झानांचे सामर्थ्य सोनेरी शिंगांच्या तीन रानबोकडांत आहे, हे नवरीच हुशारीने काढून घेते. मुयी ते बोकड जिवंत पकडतो आणि नवरीबरोबरच सारे वऱ्हाडही पुन्हा माणसांत आणून घेतो. चूक वऱ्हाड्यांची असूनही त्यांना दगड होऊन पडू देणे त्याच्या शौर्यात बसत नाही. या परंपरेचे मर्म मला इथेच दिसते.

आपल्या भरवशावर असलेल्याला वाऱ्यावर न सोडण्याचे हेच मूल्य डोंगरी टोळ्यांच्या रूढ कायद्यातही आहे. श्त्येफन जेचोवी या फ्रान्सिस्कन धर्मगुरूने तो संकलित केला आणि त्याच्या हत्येनंतर, 1933 मध्ये, तो श्कोदर येथे ग्रंथरूपाने निघाला. घर देवाचे आणि पाहुण्याचे, असे त्यात म्हटले आहे. दारी आलेला वैरी असला तरी त्याला आसरा द्यायचा, आणि आपल्या आश्रयातल्या पाहुण्याचा खून झाला तर त्याचा सूड यजमानाने घ्यायचा. बेसा, म्हणजे दिलेला शब्द, हा या साऱ्याचा पाया होय. पुढे 1937 मध्ये बर्नार्दिन पालाय आणि दोनात कुर्ती यांनी वीरगाथांचा मोठा संग्रह छापला.

या निष्ठेची किंमत किती जबर असते, हे अल्बानियन कादंबरीकार इस्माइल कादारे यांनी ‘मोडलेला एप्रिल’ या कादंबरीत दाखवले. तिच्यात एक अनोळखी वाटसरू एका रात्रीपुरता आसरा मागतो आणि दुसऱ्या दिवशी गावाच्या हद्दीवर मारला जातो. त्याचा चेहरा गावाकडे वळलेला आढळल्याने तो अजून यजमानाच्या आश्रयात होता, असे ठरते, आणि ज्याचे नावही ठाऊक नव्हते अशा पाहुण्यापायी दोन घराण्यांत पिढ्यान्‌पिढ्या चालणारे रक्तवैर सुरू होते.