प्रतिकारशक्ती कमी होणं वेगळं, अंगावर उलटणं वेगळं

जळगाव असो, धुळे असो की शहादा, मेडिकलच्या काउंटरवर थोडा वेळ उभं राहिलं की हे ऐकू येतंच: बाईचे सांधे धरलेत, केस गळतायत, सारखं आंग दुखस, म्हणजे इम्युनिटी कमी झाली, काहीतरी वाढवायचं द्या. मग गुळवेलीचा काढा, अश्वगंधा, प्रोटीनचा डबा. सहा-आठ महिन्यांनी निदान होतं आमवाताचं (रुमेटॉइड आर्थरायटिस) किंवा ल्युपसचं (त्वचा, सांधे, मूत्रपिंड असे अनेक अवयव धरणारा आजार). या दोन्हींत प्रतिकारशक्ती कमी झालेली नसते, ती आपल्याच अंगावर उलटलेली असते. तरी तोच सल्ला व्हॉट्सॲपवर फिरत राहतो, आणि फिरवणाऱ्यांत शिकलेली माणसं कमी नसतात.

प्रतिकारशक्ती कमी होणं बहुतेकांना कळतं, म्हणून ते थोडक्यात. एचआयव्ही, ताब्यात नसलेली शुगर, कुपोषण, केमोथेरपी ही नेहमीची कारणं. खूण एकच: बाहेरचा जंतू वारंवार आत शिरतो. तोंडात पांढरी बुरशी, नागीण, न्यूमोनिया, टीबी. नंदुरबारच्या सातपुडा पट्ट्यातला सिकलसेल (तांबड्या पेशी कोयत्यासारख्या वाकवणारा आनुवंशिक आजार) हाही यातच मोडतो. त्यात प्लीहा (रक्तातले जंतू गाळणारा पोटातला अवयव) हळूहळू निकामी होते, म्हणून त्या मुलांना न्यूमोकोकलची लस महत्त्वाची. सिकलसेलचा जीन एक्स गुणसूत्रावर नसतो, त्यामुळे तो मुलगा-मुलगी दोघांना सारखाच होतो. त्या भागात हातपाय दुखतात म्हटलं की आमवाताआधी ती तपासणी उरकून घ्यावी.

उलटलेल्या प्रतिकारशक्तीचं गणितच निराळं आहे. कपाशीच्या निंदणीला मजूर कमी पडले तर तण माजतं. मजूर भरपूर आहेत, हातही झपझप चालतोय, पण तणाबरोबर कपाशीची रोपंही उपटली जातायत, तर आणखी चार मजूर लावून काय होणार? अशा, म्हणजे ऑटोइम्यून, आजारात प्रतिपिंडं (अँटीबॉडीज) आणि पांढऱ्या पेशी सांध्याच्या अस्तरावर, थायरॉइडवर, लाळेच्या ग्रंथींवर, मूत्रपिंडावर चालून जातात. त्या कमी नसतात, त्यांची ओळख चुकलेली असते.

आता बायकांनाच का, हा प्रश्न. ऑटोइम्यून आजारांच्या दर ५ रुग्णांत साधारण ४ बायका असतात. ल्युपस आणि शोग्रेन (डोळे-तोंड कोरडं पाडणारा आजार) यांत ९ बायकांमागे १ पुरुष, आमवातात २ ते ३ बायकांमागे १. यावर आपल्याकडचं ठरलेलं उत्तर असं: बाई सगळ्यांच्या शेवटी जेवते, बाळंतपणं होतात, अंगात रक्त नसतं, म्हणून अंग कमजोर पडतं. शेवटी जेवते हे खरं, रक्त कमी असतं हेही खरं, आणि दोन्हींवर इलाज व्हायलाच हवा. पण ल्युपस त्याने होत नाही. तसं असतं तर खाण्यापिण्याची ददात नसलेल्या देशांत बायका-पुरुषांमधली ही तफावत दिसली नसती. तिथेही ती अशीच आहे.

कारण नेमकं उलटं आहे. बाईची प्रतिकारशक्ती पुरुषापेक्षा सरासरीने जास्त तेज असते. फ्लूची लस दिली की बायकांच्या रक्तात प्रतिपिंडं जास्त तयार होतात. कोविडने पुरुष जास्त दगावले. हीच तेजी अधूनमधून स्वतःवर उलटते. तेव्हा ‘बायकांची इम्युनिटी मुळातच कमी’ हे वाक्य नुसतं अपुरं नाही, साफ चूक आहे.

ही तेजी येते कुठून? पहिलं कारण एक्स गुणसूत्र. प्रतिकारशक्तीशी संबंधित बरेच जीन त्यावर असतात. बाईकडे दोन एक्स, पुरुषाकडे एकच, म्हणून प्रत्येक पेशीत त्यातला एक झिस्ट नावाच्या आरएनएने गुंडाळून बंद केलेला असतो. पण बंद पुरता होत नाही. टीएलआर-७ सारखे काही जीन त्या बंद एक्सवरही काही पेशींत चालू राहतात, आणि तो जीन विषाणूचा सुगावा लावणारा आहे. शिवाय झिस्टला कितीतरी प्रथिनं चिकटलेली असतात. पेशी मेली की हा गुंता उघडा पडतो आणि प्रतिपिंडं त्यावर तुटून पडतात. २०२४ साली स्टॅनफर्डच्या शास्त्रज्ञांनी नर उंदरांत झिस्ट तयार करायला लावला. ल्युपससारखा आजार चेतवणारं रसायन टोचल्यावर त्या नरांना आजार जवळपास माद्यांइतकाच झाला. माणसातला पुरावाही बोलका आहे: एक्सएक्सवाय गुणसूत्रं घेऊन जन्मलेल्या पुरुषांना ल्युपसचा धोका इतर पुरुषांच्या सुमारे १४ पट असतो.

दुसरं कारण हार्मोन. इस्ट्रोजेन प्रतिपिंडं बनवणाऱ्या पेशींना चेव आणतं, टेस्टोस्टेरॉन आवर घालतं. ल्युपस वयात आल्यापासून पाळी जाईपर्यंतच्या काळात जास्त सुरू होतो, तो याच्याशी जुळतो. गरोदरपणात आमवात बऱ्याच जणींचा शांत होतो आणि बाळंतपणानंतरच्या काही महिन्यांत उसळतो. घरचे म्हणतात, ‘बाळंतिणीला वारं लागलं.’ मग शेक, धुरी, डिंकाचे लाडू. लाडू खुशाल खावेत, पण सकाळची आखड तासाच्या पुढे जात असेल तर ते वारं नाही. बाळंतपणानंतरच्या वर्षभरात थायरॉइडही असाच बिघडू शकतो. थकवा, छातीत धडधड, केसांची गळ असेल तर टीएसएच ही थायरॉइडची रक्ततपासणी करून घ्यावी. पुरुष यातून सुटलेत असंही नाही. टाइप-१ मधुमेह दोघांत जवळपास सारखा, आणि कंबर-मणका आखडवणारा अँकिलोसिंग स्पॉन्डिलायटिस पुरुषांतच जास्त सापडतो.

ओळखायचं कसं? आमवातात बोटांची मधली पेरं, मुठीची हाडं आणि मनगटं सुजतात, बहुधा दोन्ही हातांची. नखाजवळचं पेर सहसा सुटतं. सकाळी भाकरी थापायला बसलं की मूठच वळत नाही, दहाच्या सुमारास हात मोकळा होतो. झिजेच्या सांधेदुखीत उलट: आखड अर्ध्या तासाच्या आत जाते आणि काम वाढेल तसं दुखणं वाढतं. ल्युपसमध्ये गालांवर आणि नाकाच्या दांडीवर लाल, जरा उंच चट्टा उठतो, नाकपुडीच्या कडेची घडी मात्र कोरी राहते. कापूस वेचणीत दिवसभर उन्हात राहिलं की तो भडकतो. वांग तपकिरी आणि सपाट असतो. हा फरक न बघता स्टिरॉइडची गोरेपणाची क्रीम चोळली की दोन्ही बिघडतात आणि निदान लांबतं.

रक्त कमी असण्याचीही इथे एक फसगत आहे. जुनाट सुजेमुळे हिमोग्लोबिन उतरलं असेल तर नुसत्या लोहाच्या गोळ्यांनी ते हटत नाही. फेरिटिन (अंगातला लोहाचा साठा दाखवणारी तपासणी) बघावं. लोह कमी असेल तर ते कमी येतं, सुजेत नॉर्मल किंवा जास्त.

एएनए (आपल्याच पेशींवर उलटलेली प्रतिपिंडं शोधणारी रक्ततपासणी) पॉझिटिव्ह आला म्हणून घाबरायचं नाही. कमी पातळीचा एएनए धडधाकट माणसांतही सापडतो. लक्षणं नसताना पॅकेजमध्ये तो करून घेणं म्हणजे पैसे घालून झोप घालवणं. आमवाताच्या रक्ततपासण्यांत आरए फॅक्टरपेक्षा अँटी-सीसीपी जास्त भरवशाची.

राहिली गुळवेल. २०२१ मध्ये मुंबईच्या डॉक्टरांनी ती घेतल्यानंतर यकृताला इजा झालेल्या ६ रुग्णांची नोंद प्रसिद्ध केली. इजेचं रूप ऑटोइम्यून हिपॅटायटिससारखं होतं. आयुष मंत्रालयाने त्यावर आक्षेप घेतला. वाद चालू द्या, पण आधीच उलटलेल्या प्रतिकारशक्तीला चेव आणायची खटपट करण्यात काही अर्थ नाही. आठवडी बाजारातल्या बिननावाच्या पुड्या तर हातात घेऊ नयेत. चार दिवसांत गुण आला तर त्यात स्टिरॉइड असण्याचा संशय धरावा. अशा पुड्यांनी तोंड सुजतं, शुगर चढते, आणि त्या बरेच दिवस घेऊन एकदम थांबवल्या की बीपी कोसळून जीवावर बेतू शकतं.

सगळ्यात मोठी गाठ पुढे पडते. इलाज सुरू झाला की याच बाईची प्रतिकारशक्ती औषधाने खरोखर कमी होते. म्हणजे आजार उलटण्याचा, आणि कमी होणं औषधाचं. म्हणून इलाज चालू असताना जिवंत जंतूंची लस डॉक्टरांना विचारल्याशिवाय घ्यायची नाही, आणि बायोलॉजिक (प्रतिकारशक्तीचा ठरावीक भाग दाबणाऱ्या) इंजेक्शनआधी टीबीची तपासणी करायचीच. मेथोट्रेक्सेट ही आमवाताची नेहमीची गोळी आठवड्यातून एकदाच असते. ठरलेला वार कॅलेंडरवर लिहून ठेवावा, फॉलिक ॲसिड दुसऱ्या दिवशी. कुणी ती रोजची समजून घेतली तर तोंड सोलतं, पांढऱ्या पेशी कोसळतात, माणूस दगावतो. मूल हवं असेल तर ती आधीच, डॉक्टरांच्या सल्ल्याने, बंद करायची. या औषधांवर ताप आला तर क्रोसिन घेऊन दोन दिवस वाट बघायची नाही. त्याच दिवशी सीबीसी (रक्तपेशींची मोजणी), लघवी आणि छातीचा एक्स-रे. ल्युपसच्या बाईला ताप असेल तर सीआरपी ही सूज दाखवणारी रक्ततपासणीही. ल्युपस नुसता भडकला तर ती फारशी चढत नाही, बरीच चढली असेल तर आधी जंतुसंसर्ग शोधायचा.