मुद्दाम रुतणारं जहाज

जहाज वाळूत रुतणं म्हणजे कप्तानाची मोठी नामुष्की. दुसऱ्या महायुद्धात मात्र अमेरिकेने अशी तब्बल १,०५१ जहाजं बांधली, ज्यांचं कामच किनाऱ्यावर जाऊन रुतणं हे होतं. त्यांचं नाव 'लँडिंग शिप, टँक', म्हणजेच एलएसटी. लांबी ३२८ फूट, तळ सपाट, तोंडाला दोन पल्ल्यांचं दार आणि पोटात रणगाड्यांची रांग.

गरज ब्रिटनची होती. १९४० साली डंकर्कहून सैन्य कसंबसं परत आलं, पण अवजड सामान तिथेच सोडावं लागलं. युरोपात पुन्हा उतरायचं तर बंदरं शत्रूच्या ताब्यात. मग रणगाडे थेट वाळूवर उतरवणारं जहाज हवं, आणि त्याने अटलांटिकही ओलांडायला हवा. इथेच घोडं अडत होतं. खोल समुद्रात स्थिर राहायचं तर जहाज पाण्यात चांगलं बुडालेलं हवं, आणि किनाऱ्याला लागायचं तर जेमतेम बुडालेलं. नोव्हेंबर १९४१ मध्ये जॉन नीडरमेयर या अमेरिकी नौदलाच्या आरेखकाने काही तासांत एक कच्चा आराखडा काढला आणि हा पेच सोडवला.

दार सगळ्यांच्या डोळ्यांत भरतं, पण खरी करामत पोटातल्या टाक्यांची आहे. भर समुद्रात या टाक्यांत खारं पाणी भरायचं. मग जहाज पुढून सुमारे ८ आणि मागून १४ फूट पाण्याखाली जातं. किनारा जवळ आला की पंपाने ते पाणी बाहेर काढायचं. आता ५०० टन सामान पोटात असूनही पुढची बाजू जेमतेम ४ फूट आणि मागची १० फुटांच्या आतच पाण्याखाली राहते. पुढच्या आणि मागच्या बाजूंत फरक सुमारे ६ फुटांचा. ३२८ फुटांना ६ फूट, म्हणजे साधारण पंचावन्नास एक असा उतार. आराखडा करताना किनाऱ्याचा उतार पन्नासास एक धरला होता. म्हणजे जहाजाचा तळ वाळूच्या उतारावर जवळजवळ सपाट टेकतो, दार उघडतं, फळी खाली पडते आणि रणगाडे गुडघाभर पाण्यातून निघून जातात. मला हे गणित फार देखणं वाटतं.

रुतलेलं जहाज परत काढायचं कसं, याचीही सोय होती. किनाऱ्याला लागण्याआधीच मागच्या बाजूने एक नांगर समुद्रात टाकून ठेवायचा. सामान उतरून जहाज हलकं झालं की इंजिनं उलटी फिरवायची आणि त्याच नांगराची तार गुंडाळत स्वतःलाच मागे ओढायचं. इंजिनं मुळात रेल्वेच्या डिझेल इंजिनांच्या जातीची, वेग जेमतेम १२ नॉट. खलाशी एलएसटी या अक्षरांचा अर्थ 'लार्ज, स्लो टार्गेट', म्हणजे 'मोठं, संथ लक्ष्य', असा लावत, आणि सपाट तळामुळे लाटांवर आपटत, डोलत जाताना त्यांचे हाल होत.

समुद्रकाठचे कारखाने युद्धनौकांत गुंतलेले, म्हणून बरीच एलएसटी थेट देशाच्या मध्यभागी, नद्यांच्या काठी बांधली गेली. इंडियाना राज्यातल्या जेफरसनव्हिलला ओहायो नदीवर बांधलेलं एलएसटी-५१० त्यांतलंच. तिथून नदीच्या वाटेने ही जहाजं मिसिसिपीत आणि पुढे समुद्रात गेली. जून १९४४ च्या नॉर्मंडीच्या स्वारीत ५१० ही होतं. तिथे एलएसटी ओहोटीच्या वेळी कोरड्या वाळूवर बसून राहत आणि भरती आली की निघत. परतताना रणगाड्यांच्या जागी स्ट्रेचर असत. चाळीस हजारांहून अधिक जखमी असे इंग्लंडला पोचले.

युद्ध संपलं आणि शेकडो जहाजं बिनकामाची झाली. बरीच भंगारात गेली. ५१० चं नशीब वेगळं. आधी चेसापीक उपसागराच्या तोंडाशी गाड्या नेणारी फेरीबोट, १९६४ साली तिथे पूल आणि बोगदा झाल्यावर डेलावेअर उपसागरात 'केप हेनलोपन' या नावाने दुसरी फेरी, आणि १९८३ पासून कनेक्टिकटमधल्या न्यू लंडनहून लाँग आयलंडकडे.

पण फेरीच्या धंद्याचं रूपच पालटलं ते इंग्लंडमध्ये. तोवर मालवाहू जहाजावर मोटार चढवायची तर बहुधा क्रेनने उचलावी लागे. फ्रँक बस्टर्ड यांच्या अटलांटिक स्टीम नेव्हिगेशन कंपनीने नौदलाकडून तीन एलएसटी भाड्याने घेतली आणि सप्टेंबर १९४६ मध्ये 'एम्पायर बाल्टिक' टिलबरीहून वाहनं घेऊन रॉटरडॅमला गेलं. दार उघडायचं, गाडी आत, पलीकडे गाडी बाहेर. आज भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला जाणारी रो-रो, म्हणजे 'रोल-ऑन, रोल-ऑफ' फेरीबोट, याच रीतीने चालते.

या सोयीत एक धोका मात्र दडलेला आहे. गाड्या सरळ आत जायच्या तर डेकवर आडव्या भिंती नकोत, आणि भिंती नसल्या की आत शिरलेलं पाणी मोकाट धावतं. परातीत इंचभर पाणी घेऊन चालून पाहा; परात जराशी कलली की सगळं पाणी त्याच बाजूला जातं आणि ती आणखी कलते. एलएसटीच्या दारामागे फळी वर उचलली की दुसरं दार म्हणून घट्ट बसे. ६ मार्च १९८७ रोजी बेल्जियममधल्या झीब्रुग बंदरातून 'हेरल्ड ऑफ फ्री एंटरप्राइज' ही फेरी तोंडाचं दार उघडं ठेवूनच निघाली, काही मिनिटांत कलंडली आणि १९३ जीव गेले. १९९४ मध्ये बाल्टिक समुद्रात 'एस्टोनिया' या फेरीच्या तोंडाचं झाकण लाटांनी तोडलं. ८५२ माणसं गेली.

दाभोळच्या किंवा गोव्यातल्या फेरीबोटीही तोंडाची फळी टाकूनच गाड्या घेतात, पण त्यांचा डेक वरून उघडा आणि प्रवास खाडीपुरता असतो. बंद डेकच्या मोठ्या जहाजांवर मात्र झीब्रुगनंतर आंतरराष्ट्रीय नियम बदलले. दार नीट लागलं की नाही हे दाखवणारे दिवे आता कप्तानाच्या नजरेसमोर, सुकाणूच्या खोलीतच असावे लागतात.