देवस्थानाच्या वादात पोलीस संरक्षण: अर्ज नेमका अडतो कुठे

गोव्यात जत्रा आठ दिवसांवर आली की एखादा गट वकिलाच्या दारात हजर होतो. "दुसरी बाजू पालखी अडवणार, कोर्टातून पोलीस आणून द्या." कोर्ट पोलीस देतं, पण आधीच ठरलेला हक्क राखायला. मान कोणाचा, पालखी कुठल्या वाटेने न्यायची, हे पोलीस संरक्षणाच्या अर्जावर ठरत नाही. पुष्कळ अर्ज इथेच पडतात.

सरळ मार्ग दिवाणी कोर्टाचा. दावा लावायचा, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 39 खाली तात्पुरता मनाई हुकूम घ्यायचा आणि तो असूनही कोणी जुमानत नसेल तर त्याच संहितेच्या कलम 151 खाली पोलीस मदत मागायची. तक्रार घेऊनही पोलीस हलत नसतील तर पर्वरीला उच्च न्यायालयात रिट करता येते. तिथेही दिवाणी कोर्टात का गेला नाहीत, हे विचारलं जातंच. तिसरी वाट कार्यकारी दंडाधिकाऱ्याची. गोव्यात 1933 च्या देवस्थान नियमांप्रमाणे मामलेदार हा देवस्थानांचा प्रशासक, आणि दंडाधिकारीही तोच असू शकतो. म्हणून कोणत्या अधिकारात दाद मागता ते अर्जाच्या विषयातच लिहा. नाहीतर कागद त्याच कचेरीत या टेबलावरून त्या टेबलावर फिरतो आणि जत्रा होऊन जाते.

कागदांपैकी दावा, प्रतिज्ञापत्र, जमिनीचा एक-चौदाचा उतारा यांत सहसा अडचण येत नाही. अडतो तो देवस्थान समितीचा ठराव. समितीची मुदत संपलेली, नव्या निवडणुकीवर हरकत, आणि ठरावावर सही जुन्या अध्यक्षाची! समोरचा वकील पहिलं बोट तिथेच ठेवतो. अशा वेळी महाजनांच्या, म्हणजे देवस्थानच्या हक्कदार सभासदांच्या, यादीत नाव असलेल्यांनी स्वतःच्या नावाने जाणं बरं, पण मग यादीची प्रमाणित प्रत लागते. देवस्थानची जुनी नियमावली पोर्तुगीजमध्ये असते. तिच्या भाषांतराला वेळ लागतो, तेव्हा ते काम चतुर्थीआधीच हाती घ्या.

पालखीच्या वाटेसाठी दंडाधिकाऱ्याकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 166 (जमीन-पाणी वापरण्याच्या हक्काचा वाद) उपयोगी. वर्षातून एकदाच बजावायचा हक्क असेल तर तो अगदी मागच्या खेपेला बजावलेला असावा लागतो. "आमच्या आजोबांपासून चालत आलंय" एवढ्यावर भागत नाही. गेल्या जत्रेचा व्हिडिओ जपून ठेवा, त्याला 2023 च्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र जोडा.

मुदतीचा घोळ तर नेहमीचा. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 163 चा जमावबंदी आदेश साधारण दोन महिनेच टिकतो. एकतर्फी मनाई हुकुमावर 'पुढील तारखेपर्यंत' असं लिहिलेलं असतं. त्या तारखेला तो वाढवून घेतला नाही तर संपला. लोक मात्र तोच कागद लॅमिनेट करून वर्षभर दाखवत फिरतात.

वाद दोन धर्मांतला, म्हणजे स्थळ कोणाचं असा असेल, तर 1991 चा प्रार्थनास्थळ कायदा आडवा येतो. असे नवे दावे नोंदवू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने 12 डिसेंबर 2024 रोजी सांगितलं. महाजनांमधल्या कारभाराच्या भांडणाला ते लागू नाही.

पोलीस ठाण्यात तोंडी सांगून येऊ नका. "हे सिव्हिल मॅटर, कोर्टात जावा" म्हणून परत पाठवतात आणि पुरावा काहीच राहत नाही. लेखी तक्रार द्या, दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का मारायला टाळाटाळ झाली तर तोच अर्ज रजिस्टर पोस्टाने अधीक्षकांना पाठवा. बऱ्याच जत्रा नाताळच्या सुटीच्या आसपास येतात, त्या दिवसांत कोर्टात फक्त तातडीची कामं चालतात, आणि तातडी दाखवायला हाच शिक्क्याचा कागद लागतो.