भावनाप्रधान भयपट (ग्रामीण विदर्भाच्या संदर्भात)

भयपटाचा एक प्रकार. यात भुताच्या आधी घरात दुःख आलेले असते. कुणाचे मूल गेलेले असते, कुणाची मुलगी जन्माला येऊच दिलेली नसते, कुठे कर्ज फिटत नसते, कुठे घरच्या मोठ्यांनी एखादा गुन्हा दाबून टाकलेला असतो. भूत त्याच वाटेने आत शिरते. दार करकरले की प्रेक्षक दचकतो आणि लगेच सावरतो. पण पडद्यावरच्या बाईची काळजी वाटू लागली, की तिची भीती त्याच्याबरोबर घरापर्यंत येते. म्हणून अशा पटकथेत भूत दिसण्यापूर्वीचा काळ फार महत्त्वाचा.

मराठीतून सुरुवात करून या प्रकारात सातत्याने काम करणारे दिग्दर्शक म्हणजे विशाल फुरिया. त्यांच्या ‘लपाछपी’मध्ये (२०१७) पैशांच्या अडचणीमुळे गरोदर नेहा (पूजा सावंत) नवऱ्याबरोबर शहर सोडते आणि उसाच्या फडात एकट्या पडलेल्या घरात राहायला येते. तिथली तुळसाबाई (उषा नाईक) तिला जीव लावते, आणि ती मायाच हळूहळू अंगावर येऊ लागते. सगळ्याच्या मुळाशी आहे मुलगी नको असणे. हीच कथा त्यांनी हिंदीत ‘छोरी’ (२०२१) म्हणून पुन्हा सांगितली. त्याच वर्षीच्या ‘बळी’त आजारी मुलाला घेऊन रुग्णालयात आलेला बाप आहे. २०२५ मध्ये ‘छोरी’चा दुसरा भाग आला, आणि काजोलची भूमिका असलेला ‘माँ’ही. आपल्या लेकरासाठी उभी राहणारी आई किंवा बाप हा या कारकिर्दीचा कणा म्हणता येईल. या साऱ्यांत ‘लपाछपी’ सर्वांत घट्ट विणलेला वाटतो, कारण त्याच्याकडे साधने थोडी आहेत आणि तो उषा नाईकांच्या चेहऱ्यावर विसंबतो.

हा प्रकार विदर्भाच्या खेड्यात आणायचा तर उसाचा चक्रव्यूह उपयोगाचा नाही. पश्चिम विदर्भाच्या काळ्या रानात कपाशी कमरेएवढी. तिच्यात माणूस लपत नाही, लांबूनही दिसतो. तिथली भीती उघड्यावरची, भर दुपारची. हिवाळ्यात तूर मात्र पुरुषभर वाढते. पूर्वेला भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीत धानाच्या बांध्या, बोड्या म्हणजे शेतातली लहान तळी, मालगुजारांच्या काळातले जुने सिंचन तलाव आणि लागून जंगल. तिथे रात्री पीक राखायला, जागलीला गेलेल्या माणसाला खऱ्या वाघाची धास्ती असते. त्या धास्तीपुढे रंगवलेला राक्षस फिका पडतो. भूत आपल्याच माणसाचे असेल तरच ते टिकेल.

कर्ज हे ‘लपाछपी’त गोष्ट सुरू होण्याचे निमित्त आहे. यवतमाळ, अमरावती, वाशिमच्या गावांत तेच गोष्टीचा गाभा होते. शेतकऱ्याने आत्महत्या केली की प्रकरण जिल्हा समितीपुढे जाते आणि ‘पात्र’ किंवा ‘अपात्र’ ठरते. पात्र ठरले तर कुटुंबाला एक लाख रुपयांची मदत. सातबारा बापाच्या किंवा भावाच्या नावावर असला, कर्ज बँकेऐवजी सावकाराचे असले, की अडचणी सुरू होतात. अपात्र ठरलेल्या माणसाचे मरण घराने सोसलेले असते, पण ते कशाने झाले हे कागद मान्य करत नाही. मागे राहिलेली बाई त्याच शेतात पेरणी करते, देणेही तिच्याच माथी येते. या प्रकाराला हवी असणारी परिस्थिती यापेक्षा नेमकी सापडणे कठीण, आणि ती हाताळायला तेवढाच हळवा हात लागेल. असा मृत माणूस घरी परत आला, तर त्याला सूड नको असेल. त्याला आपले नाव कागदावर हवे असेल.

विदर्भाच्या रानाने मराठी दिग्दर्शकाला भीती दिल्याचे एक उदाहरण ठळक आहे. ‘तुंबाड’चे (२०१८) दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांनी सांगितले आहे की, नागझिरा अभयारण्यात गेले असताना मित्राने रात्री भयकथाकार नारायण धारपांची एक कथा ऐकवली आणि ती मनात घर करून राहिली. चित्रपट घडला दूर सह्याद्रीकडच्या पावसात, पण त्याचे बीज गोंदिया-भंडाऱ्याच्या जंगलातले. त्या चित्रपटाचा विषय हाव असला, तरी तो मनात रुततो तो बाप-लेकाच्या नात्यामुळे.

इथल्या भयपटावर एक जबाबदारी इतर ठिकाणांपेक्षा जड आहे. गाडगेबाबा आणि तुकडोजी महाराजांनी याच मातीत भूतबाधा आणि अंगात येण्याविरुद्ध आयुष्यभर प्रबोधन केले. २०१३ साली राज्यात जादूटोणाविरोधी कायदा झाला. तरी २०२१ मध्ये चंद्रपूरच्या जिवती तालुक्यातल्या एका गावात करणीच्या संशयावरून वृद्धांसह काही जणांना बांधून मारहाण झाली. केस मोकळे सोडलेली म्हातारी चेटकीण म्हणून पडद्यावर उभी करणे त्यामुळे इथे निरुपद्रवी राहत नाही. भूत अन्याय सोसलेल्या बाईचे आणि खरा धोका जिवंत माणसांचा, ही ‘लपाछपी’ने घेतलेली बाजू म्हणूनच योग्य वाटते.

प्रेक्षक मात्र तयार आहे. झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भाच्या याच धान-जंगलाच्या भागात, दिवाळीनंतर नाटकांचा हंगाम सुरू होतो आणि होळीच्या आसपासपर्यंत चालतो. वडसा (देसाईगंज) हे त्याचे मुख्य केंद्र. मंडई (गावची जत्रा) किंवा शंकरपटाच्या (बैलांच्या शर्यतीच्या) निमित्ताने गावोगावी नाटक लागते, लेकी-जावई पाहुणे येतात, आणि प्रयोग रात्रभर चालतो. गाणी, विनोद, लावणी यांच्यामध्ये बाप-लेकाचे भांडण, सासुरवास, गावच्या पुढाऱ्याचा जुलूम असे कौटुंबिक-सामाजिक कथानक असते, आणि लोक थंडीत पांघरूण घेऊन रडत रडत पाहतात. या रंगभूमीवरचे कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री जाहीर झाली. या मंचावरचे नट कॅमेऱ्यासाठी आवाज खाली आणायला शिकले, तर अशा भयपटाला नट शोधायला मुंबईला जावे लागणार नाही.